आकाशातल्या लढाईत सैनिक उभा कशावर राहतो?

एका तरुण लेखकाने विचारलेला प्रश्न थोडक्यात असा. तो दोन आकाशवासी सत्तांच्या युद्धावर कादंबरी लिहितो आहे. एका बाजूला अधरगड: जमिनीपासून 6,000 मीटरवर तरंगणाऱ्या खडकांवर वसलेलं राज्य, महाकाय पक्ष्यांवर बसून लढणारे त्याचे स्वार. दुसऱ्या बाजूला वातवंशी: वायूने भरलेल्या फुग्यांखाली टांगलेल्या गलबतांमधून पिढ्यान्‌पिढ्या भटकणारे. सातव्या प्रकरणात दोन्ही सैन्यं पहाटे समोरासमोर उभी राहतात, शिंगं फुंकली जातात आणि सूर्य मावळेपर्यंत तुंबळ लढाई होते. ज्यांनी ज्यांनी वाचलं त्यांनी सांगितलं की भाषा छान आहे, पण लढाई खोटी वाटते. काय चुकतंय?

माझी नोकरी वायुदलाच्या हवामान शाखेत झाली. उड्डाणाआधी वैमानिकाला वारा कुठल्या उंचीवर फिरेल, ढग कुठे भेटतील, पंखांवर बर्फ कुठे धरेल हे सांगायचं, हे माझं काम. निवृत्तीनंतर अद्भुतकथांची हस्तलिखितं वाचून देतो. तुमचं प्रकरण मी लक्ष देऊन वाचलं आणि वाचकांचं म्हणणं बरोबर आहे असं माझं मत झालं. तुम्ही लिहिली आहे ती जमिनीवरची लढाई. पायाखालचं मैदान तेवढं काढून घेतलंय. आघाडी, बगल, पिछाडी, मधली मोकळी जागा, सगळं पानिपतासारखंच मांडलंय.

आकाशात वस्तू आपोआप जागेवर राहत नाही. जे वर आहे ते दर क्षणाला कशाने तरी वर धरलेलं असतं, आणि त्या धरण्याला खर्च येतो. पक्ष्याला तो मांसातून भरावा लागतो, गलबताला वायू आणि वाळूतून, खडकाला तुमच्या कादंबरीतल्या ज्या कुठल्या जादूतून असेल त्यातून. दोन्ही बाजूंचा हा खर्च आधी ठरवा. कोण किती वेळ वर राहू शकतं, कशाने खाली येतं, परत चढायला काय लागतं, एवढं ठरलं की अर्धं युद्ध आपसूक उभं राहतं. खडक तरंगू देत, पक्षी हत्तीएवढे असू देत, त्याला माझी काहीच हरकत नाही. वाचक एक चमत्कार आनंदाने मान्य करतो. पण त्या चमत्काराची किंमत पानोपानी वसूल झालेली त्याला दिसली पाहिजे.

हे भान नवं नाही. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात ग्रीक भाषेत लिहिणाऱ्या लुसियनने चंद्रवासी आणि सूर्यवासी यांच्यातलं युद्ध रंगवलं आहे. भांडण शुक्रताऱ्यावर वसाहत कोणी करायची यावरून. त्यात गिधाडांवर बसलेले स्वार आहेत, प्रचंड मुंग्या आहेत, ढगांतून येणारे अर्धे घोडे-अर्धे माणसं आहेत. आणि तरीही त्याला एक प्रश्न पडला: पायदळ उभं कुठे करायचं? म्हणून चंद्राचा राजा बेटाबेटांएवढ्या कोळ्यांना चंद्रापासून शुक्रापर्यंत जाळं विणायला लावतो आणि त्या जाळ्यावर पायदळ मांडतो. लुसियनला सगळी गंमतच करायची होती, तरी त्याने जमीन विणून घेतली. तुमच्या सातव्या प्रकरणात ते जाळं नाही.

आता पक्ष्यांपासून सुरू करू. तुमचे स्वार पहाटे झेपावतात आणि दिवसभर हवेत असतात. पट्टकदंब हंस तुम्हाला माहीत असेल. हिवाळ्यात भिगवणला उजनीच्या पाण्यावर येतो, डोक्यावर दोन काळे पट्टे. हा हिमालय ओलांडणारा पक्षी, 7,000 मीटरच्या वर त्याची नोंद झालेली आहे. पूर्वी समजूत होती की तो एकदा उंची गाठतो आणि तिथूनच सरळ पलीकडे जातो. अंगावर यंत्रं बसवून पाहिलं तेव्हा कळलं की तसं नाही. तो डोंगराच्या चढउताराला चिकटून जातो. दरी आली की खाली उतरतो, खिंड आली की पुन्हा चढतो. कमावलेली उंची सोडून देणं वेडेपणाचं वाटतं, पण विरळ हवेत नुसतं वर टिकून राहणं त्याला पुन्हा चढण्यापेक्षा महाग पडतं. जगातल्या सर्वोत्तम उंच उडणाऱ्यांपैकी एक असलेला पक्षी वर रेंगाळत नाही. मग खोगीर, चिलखत आणि माणूस पाठीवर घेतलेला तुमचा पक्षी किती रेंगाळेल?

मोठे पक्षी पंख मारून फार उडत नाहीत, ते तरंगतात. गिधाडं सकाळी कड्यावर बसून असतात. ऊन चढलं, जमीन तापली, गरम हवेचे झोत उठू लागले की मग निघतात. कामशेतला पॅराग्लायडिंग करणाऱ्यांना विचारा, तेही वारा आणि झोत जमेपर्यंत टेकडीवर वाट बघत बसतात. याचा अर्थ अधरगडच्या घोडदळाला, म्हणजे पक्षिदळाला, दिवसाचं वेळापत्रक आहे. पहाट ही त्यांची सर्वांत दुबळी वेळ. आणि जमिनीवरून उठणारे झोत फार तर काही किलोमीटर चढतात, 6,000 मीटरपर्यंत क्वचितच. त्या उंचीपर्यंत हमखास नेणारा झोत म्हणजे गडगडाटी ढगाच्या पोटातला, आणि तो पावसाळ्यात आपल्याकडे 15 किलोमीटरपर्यंतही नेऊन सोडतो, गारांसकट. त्यात घुसणारा स्वार परत येईलच असं नाही. घुसणारे मात्र असतील, आणि त्यांच्यावर एक अख्खं प्रकरण होऊ शकेल.

पण अधरगडकडे स्वतःचा कडा आहे. सह्याद्रीत कोकणकड्यावर उभं राहून हलकी वस्तू दरीत टाकली तर वारा ती परत वर आणून देतो, कारण कड्यावर आपटलेली हवा वर चढते. तरंगत्या खडकाखालून थोडी हवा निसटून जाईल, म्हणून झोत तेवढा जोरकस नसेल, तरी असेल. वाऱ्याकडच्या बाजूला पक्षी पंख न हलवता तासन्‌तास लटकून राहू शकतील. उलट बाजूला, वाऱ्याच्या आडोशाला, हवा भोवरे घेत कोसळते. कुठलंही गलबत त्या बाजूने जवळ आलं तर खडकावर आपटून फुटेल. म्हणजे गडाचा दरवाजा आणि गडाचा बुरूज वारा रोज नव्याने ठरवतो. पश्चिमेचा वारा पूर्वेकडून वाहू लागला की गडाची मजबूत बाजू कच्ची होते. वातवंशी सेनापतीने ज्या दिवसाची वाट बघायची तो दिवस हा.

गलबतांचं गणित वेगळं आहे आणि ते तुमच्या कादंबरीला फार उपयोगी पडेल. फुग्यावर तोललेल्या जहाजाला वर जायचं तर वजन टाकावं लागतं, खाली यायचं तर वायू सोडावा लागतो. दोन्ही परत मिळत नाही. एका मोहिमेत किती वेळा वर-खाली करता येईल हे निघतानाच ठरलेलं असतं. शिवाय उन्हात वायू फुगतो आणि जहाज वर चढतं. सूर्य मावळला की वायू आकसतो आणि जहाज खाली बसू लागतं. जपानने नोव्हेंबर 1944 ते एप्रिल 1945 या काळात 9,000 हून जास्त कागदी फुगे बॉम्ब लावून पॅसिफिकपलीकडे अमेरिकेवर सोडले. शाळेतल्या मुलींनी कागदाचे थर खळीने चिकटवून ते तयार केले होते. प्रत्येकाभोवती वाळूच्या पिशव्यांचं कडं होतं. फुगा ठरलेल्या उंचीच्या खाली आला की यंत्र आपोआप पिशव्या सोडी, फार वर गेला की झडपेतून वायू सोडी. पिशव्या संपेपर्यंत अमेरिका यायला हवी, एवढाच हिशेब. तुमच्या वातवंशीयांच्या तांडेलाला शत्रूच्या भाल्यांइतकीच काळजी उरलेल्या पोत्यांची असली पाहिजे. संध्याकाळी शेवटची दोन पोती उरलेली असताना टाकू की नको, हा प्रसंग मला तुमच्या तलवारीच्या चार पानांपेक्षा वाचायला आवडेल.

आणि वारा. तुमच्या प्रकरणात गलबतं रांगेत "उभी" आहेत. फुग्यावरचं जहाज वाऱ्यात उभं राहत नाही, वाऱ्याबरोबर जातं. वेगवेगळ्या उंचीवर वेगवेगळ्या दिशेचा वारा असतो, म्हणून त्यांचं सुकाणू म्हणजे उंचीच. डावीकडे जायचं असेल तर डावीकडे वाहणारा थर शोधायचा. हा थर कुठे आहे हे न कळल्याने केवढा घात होतो ते पहिल्या महायुद्धात दिसलं. 19 ऑक्टोबर 1917 च्या रात्री 11 जर्मन झेपेलिन, म्हणजे वायूवर तरंगणारी, इंजिनं बसवलेली हवाई जहाजं, इंग्लंडवर गेली. विमानं आणि तोफा पोचू नयेत म्हणून ती फार उंच चढली. खाली वारा बेताचाच होता, वर उत्तरेकडून तुफान वाहत होतं. थंडीने इंजिनं बंद पडली, विरळ हवेत माणसं अर्धमेली झाली, आणि ताफ्यातली कितीतरी जहाजं फ्रान्सवर ढकलली गेली. काही नष्ट झाली, एक तर जवळजवळ अख्खं फ्रेंचांच्या हाती पडलं. वाऱ्याने अशी हरवलेली लढाई तुमच्या कादंबरीत एक तरी हवी. माझ्या धंद्यातल्या माणसासाठी त्यात एक पात्रही आहे: वातवंशीयांचा वारा सांगणारा. राजाला त्याच्या शब्दाशिवाय नांगर उचलता येणार नाही. शत्रू पहिल्यांदा त्यालाच पळवेल.

उंचीबद्दल तुमच्याशी थोडा वाद घालायचा आहे. 6,000 मीटर हा आकडा तुम्ही भव्य वाटतो म्हणून घेतला असावा. 5,500 मीटरला हवेचा दाब समुद्रसपाटीच्या निम्म्यावर येतो, आणि दर किलोमीटरला तापमान सरासरी साडेसहा अंशांनी उतरतं. माणसांची कायमची वस्ती असलेलं सर्वांत उंच गाव पेरूमधलं ला रिंकोनादा, ते सुमारे 5,100 मीटरवर आहे. त्याच्या वर माणूस जातो, पण घर करत नाही. तेव्हा एक तर अधरगड 4,500 वर आणा, नाहीतर तिथल्या लोकांची छाती, रक्त, बाळंतपण, अन्न शिजवणं सगळं वेगळं दाखवा. मला दुसरं जास्त आवडेल. पाणी कमी तापमानाला उकळतं, डाळ शिजत नाही, हे स्वयंपाकघरातलं दुःख एका वाक्यात आलं तरी गड खरा होतो. आणि गडावर जन्मलेल्यांचं शरीर असं असेल तर त्यांचे शत्रू गड जिंकतील, पण राखू शकणार नाहीत.

उंचीवरचं युद्ध कसं दिसतं ते आपल्या देशाला सियाचिनमुळे माहीत आहे. एप्रिल 1984 पासून तिथे 6,000 मीटरच्या आसपास आणि त्याहून वर चौक्या आहेत. तिथे दोन्ही बाजूंची माणसं शत्रूच्या गोळीपेक्षा हिमस्खलनाने, थंडीने आणि विरळ हवेने जास्त गेली. हेलिकॉप्टरलाही त्या हवेत नेहमीचं ओझं पेलत नाही. रसद थोडी थोडी, हवामान उघडेल तशी वर जाते. चौकीचं आयुष्य त्या रसदीवर. तुमच्या कादंबरीत रसद हा शब्दच नाही, आणि ही मला सर्वांत मोठी उणीव वाटते. अधरगडवर धान्य पिकतं का? पाणी कुठून येतं? ढगांतून जाळी लावून पाणी गाळता येतं, चिलीच्या वाळवंटी किनाऱ्यावर धुक्यातून असं पाणी काढलेलं आहे, पण त्यासाठी ढग गडाच्या पातळीवर यायला हवेत. सरपण? बर्लिनची नाकेबंदी झाली तेव्हा, 1948 आणि 1949 मध्ये, विमानांनी त्या शहराला सुमारे 23 लाख टन माल पुरवला. त्यातलं सर्वाधिक वजन धान्याचं नव्हतं, कोळशाचं होतं. शहराला ऊब लागते हे आपण लिहिताना नेहमी विसरतो.

म्हणून अधरगडला वेढा घालायला कोणी गडापर्यंत चढायची गरजच नाही. खालची दोन-तीन गावं ताब्यात घेतली, जिथून धान्याच्या आणि लाकडाच्या पाट्या दोरांनी वर ओढल्या जातात, की गड उपाशी. इथे तुमच्या कथेतला न लिहिलेला तिसरा पक्ष समोर येतो: खाली जमिनीवर राहणारे लोक. आकाशातल्या लढाईतलं सगळं शेवटी त्यांच्या अंगणात पडतं. बाण, पेटलेली गलबतं, टाकलेली वाळू, मेलेले पक्षी, माणसं. त्या उंचीवरून सुटलेल्या माणसाला जमिनीवर पोचायला दीड मिनिटाहून जास्त लागतं. त्या दीड मिनिटात वारा त्याला एखादा कोस तरी दूर नेतो, म्हणून मृतदेह लढाईखाली सापडत नाहीत, बाजूच्या तालुक्यात सापडतात. ते कोणी पुरायचे किंवा जाळायचे, त्यांच्या अंगावरचं कोणी ठेवायचं, यावरून खालच्या गावांत केवढे संबंध आणि केवढी वैरं तयार होतील याचा विचार करा.

जमिनीवरून आकाशाशी लढणं आपल्या परंपरेत फार ताकदीने लिहिलेलं आहे. महाभारताच्या वनपर्वात श्रीकृष्ण युधिष्ठिराला सांगतो की मी द्यूताच्या वेळी का आलो नाही. शिशुपालाच्या वधाचा सूड घ्यायला शाल्व आपलं उडतं नगर, सौभ, घेऊन द्वारकेवर चालून आला होता. ते प्रकरण एकदा लेखक म्हणून वाचा. अस्त्रांच्या आधी तिथे तयारीचं वर्णन येतं. पूल तोडले. नावा बंद केल्या. खंदकांत सुळे रोवले. नगराभोवती कोसभर जमीन उंचसखल करून टाकली. नट, नर्तक, गायक बाहेर पाठवले, मद्य बंद केलं. मुद्रेशिवाय आत-बाहेर कोणालाही सोडायचं नाही. आणि सैनिकांपैकी कोणाचाही पगार थकलेला नव्हता, हलक्या धातूत दिलेला नव्हता. हे शेवटचं वाचलं की द्वारका खरी वाटते, आणि ती खरी वाटली की उडतं नगरही खरं वाटतं. पुढे श्रीकृष्ण म्हणतो, सौभ आकाशात कोसभर वर चिकटलेलं होतं, माझ्या सैन्याला तिथे काही करता येईना. ते सगळे रंगभूमीपुढच्या प्रेक्षकांसारखे उभे राहून ओरडून मला धीर देत राहिले. लढायला आलेलं अख्खं सैन्य प्रेक्षक होतं, ही जाणीव मला आकाशयुद्धाचं मर्म वाटते. नंतर शाल्व माया करतो: वसुदेव सौभातून खाली पडताना श्रीकृष्णाला दिसतात, आणि त्याच्या हातून धनुष्य गळतं. उंचावरून पडणारं आपलं माणूस. एवढ्या लढाईत काळजाला हात घालणारी जागा तीच आहे, कारण ती फक्त आकाशातच घडू शकते.

शस्त्रांवर फार वेळ घालवू नका. ज्याच्याकडे उंची त्याचा दगडही शस्त्र, एवढं पुरे. मात्र लपण्याचा विचार करा. 6,000 मीटरवरून निरभ्र हवेत क्षितिज सुमारे 275 किलोमीटरवर असतं. पुण्यावर तेवढ्या उंचीवर उभं राहिलं तर हिशेबाने मुंबई, नाशिक आणि सोलापूर तिन्ही त्याच्या आत येतात. म्हणजे अचानक हल्ला होणारच नाही, ढग, रात्र किंवा सूर्य यांची मदत घेतल्याशिवाय. ओस्वाल्ड बोल्के या जर्मन वैमानिकाने 1916 मध्ये हवाई लढाईचे नियम लिहून काढले, त्यातल्या पहिल्याच नियमात सूर्य पाठीशी ठेवा असं आहे.

शेवटाबद्दल. तुमच्या आराखड्यात शेवटी अधरगड कोसळतो आणि राजा मरतो. लुसियनच्या युद्धाचा शेवट बघा. चंद्रवासी आधी जिंकतात, विजयस्तंभ उभारतात, तेवढ्यात शत्रूची उशिरा आलेली कुमक त्यांना झोडपून काढते. मग सूर्यवासी चंद्राला वेढा घालत नाहीत. ते मध्ये ढगांची दुहेरी भिंत बांधतात आणि चंद्रावर अखंड ग्रहण लावतात. अंधार सोसवेना म्हणून चंद्राचा राजा तह मागतो. तहात भिंत पाडायची, कैदी मोबदला घेऊन सोडायचे, चंद्राने दर वर्षी दहा हजार रांजण दव खंडणी द्यायची, आणि ज्या शुक्रासाठी लढले तिथे दोघांनी मिळून वसाहत करायची असं ठरतं. ज्या जगात दव मोजून दिलं जातं ते जग वाचकाच्या डोळ्यांपुढे उभं राहतं. तुमच्याही तहात असं काहीतरी असू द्या: वाऱ्याचा एखादा थर वर्षातले काही महिने कोणाचा, खालच्या गावांच्या दोरांवर हक्क कोणाचा, ढगाचं पाणी कोणी किती गाळायचं.

आता सातवं प्रकरण. ते फाडू नका, वेळ बदला. पहाटेऐवजी दुपारी उशिरा सुरू करा. वारा त्याच सकाळी फिरलेला आहे, गडाची कच्ची बाजू उघडी पडली आहे, आणि वातवंशी उंच थरातून, सूर्य पाठीशी घेऊन, वाहत येत आहेत. त्यांना गडाशेजारून जायला फार तर अर्धा तास मिळणार, कारण वारा थांबणार नाही. एकदा पुढे गेले की त्या दिवशी परत येता येणार नाही. स्वारांना ऊन कलायच्या आत परतायचं आहे. सूर्यास्ताला गलबतं आपोआप खाली बसू लागतात आणि वाळू संपत आलेली असते. लढाई त्या अर्ध्या तासाचीच लिहा. त्याआधीची चार पानं गडावरच्या कोठीवाल्याला द्या, ज्याला किती दिवसांचं सरपण उरलंय ते माहीत आहे. लढाईनंतरची चार पानं खालच्या गावातल्या एखाद्या बाईला, जिच्या ज्वारीत जळतं गलबत येऊन पडलंय आणि त्यातला एक वातवंशी पोरगा अजून जिवंत आहे. एवढं लिहून झालं की प्रकरण पुन्हा पाठवा, वाऱ्याच्या दिशा मी तपासून देईन.